एडिटर ते डायरेक्टर: बेळगाव-खानापूर-निपाणीकडून सारखे येणारे प्रश्न

मी मूळची बेळगावची, सिरियल आणि सिनेमा एडिट करते, आता डायरेक्शनही करते. मेसेजमध्ये तेच तेच प्रश्न येतात, शहापूर-वडगावातून येतात, चिकोडीकडून येतात, कारवार-भालकीचेपण येतात. प्रत्येकाला वेगळं टाइप करणं आता होईना म्हणून एकदाच लिहून ठेवते. प्रश्न तुमच्याच शब्दात ठेवलेत, नावं काढलीत. जे एका उत्तरात आलंय ते परत लिहिलं नाही, नंबर दिलाय, तिकडं जाऊन वाचा.

१. ताई, एडिटर म्हणजे कट मारणाराच ना? त्यात एवढं काय?

समजा सिरियलचा सीन आहे, किचन, सासू चहा ओततेय आणि सून म्हणते "मी उद्या माहेरी चालले." हा सीन एकदा लांबून शूट होतो, त्याला मास्टर म्हणतात, मग सुनेचा क्लोज म्हणजे जवळून घेतलेला शॉट, सासूचा क्लोज, कधी खांद्यावरून, म्हणजे एकच वाक्य चार-पाच वेळा वेगवेगळ्या बाजूनं बोललेलं माझ्याकडं येतं. आता "चालले" हा शब्द ऐकताना प्रेक्षकाला कुणाचं तोंड दाखवायचं? सुनेचं दाखवलं तर ती धमकी होते, सासूचा ओतता हात थांबलेला दाखवला तर तीच ओळ सासूची भीती होते. डायलॉग तोच, ॲक्टिंग तीच, फक्त कुणाचं तोंड आणि किती वेळ हे बदललं. त्यात मास्टरमध्ये सासूनं किटली "उद्या"वर खाली ठेवलीय आणि क्लोजमध्ये "माहेरी"वर, म्हणजे जिथं कट पाहिजे तिथंच हात जुळत नाही. मग मधे तिसऱ्याच कुणाचा तरी बघतानाचा शॉट टाकून ते झाकायचं. हे सगळं करून लोकांना कट दिसला नाही पाहिजे. त्यामुळं घरचे म्हणतात "काय करूलास दिवसभर कॉम्प्युटरवर", त्यांचंही बरोबरच आहे.

२. मग डायरेक्टर आणि एडिटरमध्ये फरक काय राहिला? दोघंही गोष्टच सांगतात की.

एडिटरसमोर असलेलं असतं, त्यातून निवडायचं. डायरेक्टरसमोर काहीच नसतं, सकाळी सात वाजता एक रिकामी खोली, एक झोपलेला नट आणि "मॅडम कॅमेरा कुठं लावू" विचारणारा माणूस. बाकी सगळा फरक यातूनच निघतो, तो सविस्तर ११ मध्ये आहे.

३. एडिटिंगमधून डायरेक्टर झालेले कोण आहेत? का नुसतंच बोलायला?

भरपूर आहेत. आपल्या जवळचं नाव आधी घेते, अनंत माने. कोल्हापूरचे, प्रभात फिल्म कंपनीत एडिटिंग करत तयार झाले आणि १९५९ ला 'सांगत्ये ऐका' केला, आपल्याकडं आजही म्हाताऱ्या लोकांना त्याची गाणी पाठ असतात. हृषीकेश मुखर्जी डायरेक्टर बिमल रॉय यांचे एडिटर, 'दो बिघा जमीन' त्यांनी एडिट केला, १९५७ ला 'मुसाफिर' हा पहिला सिनेमा केला तो चालला नाही, १९५९ ला 'अनाडी' चालला. एन. चंद्रा म्हणजे चंद्रशेखर नार्वेकर, एडिटिंगमधून आले आणि १९८६ ला 'अंकुश' काढला. डेव्हिड धवन पुण्याच्या एफटीआयआयमध्ये, म्हणजे केंद्र सरकारच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंग शिकले, 'सारांश' त्यांनी एडिट केलाय हे सांगितलं की पोरं विश्वास ठेवत नाहीत. राजकुमार हिरानी नागपूरचे, तेही तिथंच एडिटिंग शिकले, २००० चा 'मिशन कश्मीर' एडिट केला आणि २००३ ला 'मुन्नाभाई'. मल्याळममध्ये महेश नारायणन, बरीच वर्षं एडिटर, २०१७ ला 'टेक ऑफ' घेऊन डायरेक्टर झाले.

बाहेरच्यांमध्ये रॉबर्ट वाइजचं मला जास्त आवडतं. १९४१ चा 'सिटिझन केन' त्यांनी एडिट केला. १९४४ ला एका सिनेमाचा मूळ डायरेक्टर शेड्यूलमध्ये मागं पडला म्हणून स्टुडिओनं याला आणून बसवलं. ही लाइन लक्षात ठेवा, १० मध्ये परत लागणार आहे. पुढं त्यांनी डायरेक्शनची दोन ऑस्कर घेतली.

खरं दुसरी बाजूपण बघा. रेणू सलुजा यांना एडिटिंगची चार नॅशनल अवॉर्ड्स होती आणि त्या शेवटपर्यंत एडिटरच होत्या. त्यांना कुणी "तुम्ही डायरेक्टर का नाही झालात" असं कमीपणानं विचारलं असतं तर हसूच आलं असतं. एडिटिंगला पायरी समजून जो येतो तो एडिटिंगही वाईट करतो, असं माझं मत आहे आणि ते बदलायचं काही कारण अजून दिसलं नाही.

४. मी पाच वर्षं लग्नाचे व्हिडिओ एडिट करतोय, तो एक्स्पिरियन्स धरतात का?

मुंबईत कुणी धरत नाही आणि मला ते चुकीचं वाटतं. आपल्याकडं हॉलमधे तीन कॅमेरे, बँडचा आवाज माइकमध्ये फाटलेला, मंगलाष्टकं सुरू, आणि अंतरपाट खाली येतो त्या नेमक्या क्षणाला नवरीच्या मामाचं डोकं कॅमेऱ्यासमोर. रीटेक नाही. तुम्ही काय करता? दुसऱ्या कॅमेऱ्यावरच्या अक्षता टाकता, आईचा चेहरा टाकता आणि हार घालताना परत येता. हे १ मध्ये सांगितलं तसलंच झाकणं आहे, फक्त तुम्हाला कुणी त्याचं नाव शिकवलं नाही. शिवाय गाण्यावर कापायची सवय आणि स्पीड, हे दोन्ही लग्नवाल्यांकडं असतंय.

जे नसतं ते म्हणजे बोलण्याचे सीन. लग्नात सगळं म्युझिकवर चालतं, त्यामुळं दोन माणसं समोरासमोर बसून बोलतात आणि मधे एक गप्प राहतो, ही गप्प बसण्याची लांबी किती ठेवायची ते तुम्हाला येत नाही. त्यासाठी एखाद्या ओळखीच्या शॉर्ट फिल्मवाल्याकडून कच्चं फुटेज मागून घ्या आणि तो सीन म्युझिक न लावता कापा. म्युझिक लावलं की सगळं चांगलंच वाटतं.

५. पुण्याला एफटीआयआयला कर्नाटकातल्यांना ॲडमिशन मिळते का? आमच्याकडं महाराष्ट्राचं डोमिसाइल नाही.

मिळते. हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो कारण आपल्याकडं प्रत्येक गोष्टीत डोमिसाइल आडवं येतं, महाराष्ट्र मागतो त्या सीमाभागातल्या ८६५ गावांची यादी, या राज्याचा दाखला, त्या राज्याचा दाखला. एफटीआयआय केंद्र सरकारच्या माहिती आणि प्रसारण खात्याखाली आहे, त्यामुळं तुम्ही खानापूरचे की खेडचे याचा संबंध नाही. १९६० ला सुरू झालं, प्रभातच्याच जुन्या स्टुडिओच्या जागेत. फिल्म एडिटिंगचा कोर्स तीन वर्षांचा, टीव्हीसाठीचा व्हिडिओ एडिटिंगचा एक वर्षाचा, दोन्हीला कुठल्याही शाखेची डिग्री आणि प्रवेश परीक्षा. बी.कॉम. चालतं. कलकत्त्याला सत्यजित राय यांच्या नावाची दुसरी केंद्राची संस्था आहे, तिथंही एडिटिंग आहे.

सीट अगदी थोड्या असतात, त्यामुळं नाही लागला नंबर तर रडत बसू नका. सिरियलच्या एडिट रूममध्ये कोर्स न केलेलेच जास्त दिसतील. प्रायव्हेट कोर्सवाले लाखांत फी सांगतात, तिथं पैसे भरण्याआधी एवढंच विचारा की कच्चं फुटेज कुणाचं देणार आणि आठवड्यात किती तास मशीन एकट्याला मिळणार. याचं सरळ उत्तर आलं नाही तर परत या.

६. कुठलं सॉफ्टवेअर शिकू? माझ्याकडं साधा लॅपटॉप आहे.

डाविंची रिझॉल्व्हचं फ्री व्हर्जन घ्या, सुरुवात होते. टीव्ही आणि सिनेमात एव्हिड, प्रीमिअर, फायनल कट सगळं चालतं, एक नीट आलं की दुसरं दोन आठवड्यात येतं. लॅपटॉप हळू असेल तर प्रॉक्सी बनवून काम करा, म्हणजे हलक्या कॉपीवर कापायचं आणि शेवटी ओरिजिनल जोडायचं.

एक गोष्ट मात्र आत्ताच शिका. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेम म्हणजे चित्रं, आपला टीव्ही २५. मोबाइल मात्र स्वतःच्या मनानं फ्रेम रेट कमी-जास्त करतो, म्हणून "आवाज सुरुवातीला बरोबर होता, शेवटी पुढं गेला" असे मेसेज येतात. एडिटला घ्यायच्या आधी क्लिप फिक्स फ्रेम रेटवर कन्व्हर्ट करून घ्या. हा प्रश्न वेगळा विचारू नका प्लीज.

७. कोल्हापूर, मुंबई का बंगळूर? आणि कन्नड येत असलं तर काही फायदा?

कोल्हापूर जवळ आहे, तिथं शूटिंग होतं, असिस्टंट म्हणून सेट बघायला मिळतो. मराठी सिरियलचं एडिटिंग आणि चॅनेलची माणसं मात्र मुंबईत. बंगळूरला कन्नड सिरियलचं मोठं मार्केट आहे. बेळगावहून मुंबई आणि बंगळूर दोन्ही रात्रभराच्या बसनं गाठता येतात, खरं आपली पोरं दुसऱ्या बाजूला बघतच नाहीत. शाळेत कन्नड सक्तीचं होतं म्हणून रागावून बसलेले आम्ही सगळे, त्यामागचं राजकारण मला माहीत आहे, मी त्याच घरातली आहे. पण धंद्याचा विषय निघाला तर कन्नड समजणारा मराठी एडिटर दोन्हीकडं चालतो. एकीकडं काम बंद पडलं तर दुसरीकडं फोन लावता येतो. शिवाय एकाच गोष्टीवरून दोन भाषांत सिरियल बनतात, तेव्हा मूळ कन्नड एपिसोड सबटायटलशिवाय समजणारा माणूस टीममध्ये असणं ही चैन असते.

भाषा अजिबात न येता एडिट करता येतं का, हाही प्रश्न असतो. येतं, पण सोबत भाषावाला बसवावा लागतो. १९६५ च्या 'चेम्मीन' या मल्याळम सिनेमाच्या एडिटिंगवर हृषीकेश मुखर्जींचं नाव आहे, ते बंगाली.

८. सिरियलच्या एडिटरचा दिवस कसा असतो आणि पैसे किती?

अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती सोडून साधारण २२ मिनिटं आपली. २५ फ्रेमच्या हिशोबानं ३३,००० फ्रेम, आणि रोज. फुटेज संध्याकाळी यायला लागतं, रफ कट म्हणजे पहिली कच्ची जोडणी होते, क्रिएटिव्हवाले म्हणजे गोष्टीवर लक्ष ठेवणारे बघतात, "इथं अजून इमोशन पाहिजे" म्हणतात, म्हणजे सुनेचा क्लोज दोन सेकंद लांबवा. मग म्युझिक, रिकॅप, उद्याची झलक, आणि एपिसोड चॅनेलला जातो. बँक असेल, म्हणजे पुढचे एपिसोड तयार असतील, तर घरी जाऊन झोपायचं. बँक संपली की सकाळी शूट आणि संध्याकाळी टेलिकास्ट, तेव्हा झोप-बिप विसरा.

पैशाचा आकडा मी लिहिणार नाही, चॅनेल, प्रॉडक्शन आणि माणूस बघून बदलतो. महिन्यावर किंवा एपिसोडवर ठरतो. फक्त हे धरून चाला की काम केलेल्या महिन्याचे पैसे हातात यायला तीन महिने लागणं टीव्हीत नेहमीचं आहे, त्यामुळं मुंबईला जाताना तेवढी सोय करून जा. नुसत्या हिमतीवर जाऊ नका, खोलीमालक हिंमत घेत नाही.

९. मुलींना जमतं का? घरचे रात्रीच्या शिफ्टला नाही म्हणतात.

जमतं. एडिटिंगमध्ये बायका पहिल्यापासून आहेत, रेणू सलुजांचं वर आलंच, नम्रता राव यांनी एवढे सिनेमे एडिट केल्यावर २०२४ ला 'अँग्री यंग मेन' ही डॉक्युमेंटरी सिरीज डायरेक्ट केली. रात्रीचं घरच्यांचं म्हणणं मात्र उगाच नाही. कामाला हो म्हणताना घरी सोडायची गाडी मिळणार का ते आधी, तोंडावर, पैशाच्या बोलण्याबरोबरच विचारा. नंतर विचारलं की ते "ॲडजस्ट करा" होतं. आणि आईला एकदा एडिट रूम दाखवून आणा, बऱ्याच जणींचा प्रश्न तिथं सुटलाय.

१०. सिरियलमध्ये एडिटरला डायरेक्शन मिळतं तरी कसं? मागायचं का?

मागून फार कमी वेळा मिळतं, अडचणीत मिळतं. एकाच वेळी शूटिंगची दोन युनिट लावायची वेळ येते, डायरेक्टर आजारी पडतो, प्रोमो तातडीनं पाहिजे असतो, तेव्हा प्रॉडक्शन अशा माणसाला शोधतं ज्याला गोष्ट पाठ आहे आणि जो जास्त फुटेज घेऊन वेळ घालवणार नाही. एडिटरला गोष्टीचा ट्रॅक पाठ असतो, कुणाचा डावा चेहरा चांगला दिसतो तेसुद्धा माहीत असतं. वाइजला असाच मिळाला होता (३ बघा).

म्हणून एडिट करताना "हा शॉट नाहीये" एवढंच कळवू नका. "सुनेचा दारातून वळून बघतानाचा एक क्लोज द्या, दहा सेकंद, डायलॉग नको, सीन वाचेल" असं लिहून पाठवा. असे चार-पाच मेसेज बरोबर ठरले की सेटवर तुमचं नाव निघायला लागतं. पहिलं काम बहुतेक वेळा पॅचवर्क असतं, राहिलेले शॉट. लाजू नका. आणि डायरेक्टरची निंदा क्रिएटिव्हकडं करून ती खुर्ची मिळवायला जाऊ नका, या धंद्यात सगळे एकमेकांना ओळखतात.

११. एडिटर पहिल्यांदा डायरेक्ट करतो तेव्हा काय जड जातं? आम्हाला तर वाटतं सोपं जाईल.

शॉट सोपे जातात. कुठून कुठं कट होणार ते डोक्यात असतं, त्यामुळं कमी फुटेजमध्ये काम होतं आणि प्रोड्यूसर खूश. माणसं जड जातात. एडिट रूममध्ये नट चुकला तर तुम्ही दुसरा टेक लावता, नटाला ते कळतपण नाही. सेटवर तो समोर उभा असतो, बाराव्या टेकला त्याचा चेहरा पडतो, आणि तुम्हाला त्याला असं काहीतरी सांगायचं असतं की तेरावा वेगळा येईल. "थोडा कमी कर" हे सांगणं नव्हे. "तू तिला थांबवायला बोलतोयस का जायला?" असं विचारलं की नटाला धरायला काहीतरी मिळतं.

दुसरं, एडिटर तुकड्यांत विचार करतो. "आत्ता फक्त नजर वर कर, डायलॉग नको, मी जोडून घेते" असं सारखं केलं की नटाला आपण सामान झाल्यासारखं वाटतं. सीन एकदा पूर्ण खेळू द्या, तुम्हाला मधलं अर्धं नको असलं तरी.

तिसरं, "बघू एडिटला" हे वाक्य डायरेक्टर म्हणून विसरायचं. ते बोलणाऱ्यांचं फुटेज आपण वर्षानुवर्षं सावरलेलं असतं, तरी दुपारी चारला ऊन उतरायला लागलं की आपल्याच तोंडात येतं.

चौथं म्हणजे लाइटमन, स्पॉट, मेकअप, ड्रायव्हर, यांच्याशी बोलणं. एडिटरला एकटं बसायची सवय असते. तुम्ही गप्प बसलात की सेटला वाटतं तुम्हाला काही सुचत नाहीये.

१२. मुंबईला जायच्या आधी इथंच डायरेक्शनची प्रॅक्टिस कशी करू?

शिवजयंतीचे चित्ररथ! माझं म्हणणं ऐकून हसतात लोक. खरं बघा, सजीव देखावा म्हणजे आधी डायलॉग रेकॉर्ड करायचे, म्युझिक टाकायचं, मग गल्लीतली पोरं त्या ट्रॅकवर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर उभी राहून काम करणार, आणि मिरवणूक रात्रभर चालणार म्हणजे तोच सीन परत परत, दर चौकात नवीन पब्लिक. कुठल्या डायलॉगला लोक मोबाइल खाली करून बघतात आणि कुठं पुढच्या चित्ररथाकडं मान वळवतात ते तुम्हाला तिथंच उभ्या-उभ्या कळतं. ॲक्टिंग न येणाऱ्या पोराला अफझलखान करायला लावणं हे ११ मधल्या पहिल्या अडचणीचं रोकडं ट्रेनिंग आहे. मंडळात एडिटिंगवाला म्हणून ट्रॅक करून देत असाल तर पुढच्या वर्षी सांगा, देखावा बसवायलापण मीच येतो.

१३. स्वतः डायरेक्ट केलेली फिल्म स्वतःच एडिट करावी का?

हिरानी करतात, हृषीदाही करायचे, डेव्हिड लीन यांनी तर १९८४ चा शेवटचा सिनेमा स्वतः एडिट केला. म्हणून नियम असा काही नाही. तरी पहिली फिल्म दुसऱ्याला द्या असं मी सांगते. क्रेनचा शॉट मिळवायला तुम्ही अर्धा दिवस भांडलेला असता, तो तुम्ही स्वतः काढूच शकत नाही. दुसऱ्या एडिटरला भांडण माहीत नसतं, तो काढून टाकतो आणि फिल्म सुधारते. पैसे नसतील तर निदान रफ कट झाल्यावर महिनाभर बाजूला ठेवा, मग बघा.

१४. डायरेक्टर झालो आणि फसलं तर परत एडिटिंगला घेतात का? लोक काय म्हणतील?

घेतात. वॉल्टर मर्च एवढा मोठा एडिटर, १९८५ ला एक सिनेमा डायरेक्ट केला, चालला नाही, परत एडिटिंगला आला आणि १९९६ च्या 'द इंग्लिश पेशंट'ला एडिटिंग आणि साउंड दोन्हीची ऑस्कर घेतली. अडचण एवढीच की काही डायरेक्टरना वाटतं हा आता आपल्या चुका काढणार, त्यांना पहिल्याच मीटिंगला सांगून टाका की फिल्म तुमची आहे. लोक काय म्हणतील ते बेळगावात म्हणतील, मुंबईत कुणाला वेळ नसतो.

१५. डायरेक्टर मधेच सोडून गेला, अख्खी फिल्म मी एडिटवर उभी केली, नवीन सीनपण मीच शूट केले. को-डायरेक्टर म्हणून नाव मागू शकते का?

मागा, पण कधी मागायचं ते महत्त्वाचं. काम चालू असताना, लेखी. फिल्म लॉक झाल्यावर, म्हणजे एडिट कायम झाल्यावर तुमच्या हातात काही राहत नाही. आपल्या कॉपीराइट कायद्यात (१९५७ चा) सिनेमाचा कर्ता म्हणून प्रोड्यूसर धरलाय, एडिटर नाही आणि डायरेक्टरही नाही, त्यामुळं जे काय मिळणार ते ॲग्रीमेंटमध्ये असेल तेवढंच. नुसतं एडिटिंगनं फिल्म वाचवली असेल तर ते एडिटरचंच काम, त्याला डायरेक्शन म्हणू नका. नवीन सीन लिहून, नटांना घेऊन, सेटवर उभं राहून शूट केले असतील तर "ॲडिशनल सीन्स" असं तरी क्रेडिट मिळालं पाहिजे. नवीन सीन शूट करायला बोलावतील त्या दिवशीच ईमेल करा, "ठरल्याप्रमाणे क्रेडिट असं असेल" एवढी एक ओळ पुरते. आपल्या धंद्यातल्या असोसिएशनचे मेंबर असाल तर तक्रारीला दार असतं, नसाल तर होऊन घ्या.

१६. बेळगावात शूट, कलाकार इथलेच, अर्धे डायलॉग कन्नड. ही मराठी फिल्म धरणार का कन्नड?

शूट कुठं झालं यावर ते ठरत नाही, भाषेवर ठरतं. सेन्सॉरच्या सर्टिफिकेटवर भाषा लिहिलेली असते आणि ते सर्टिफिकेट देशभर चालतं. नॅशनल अवॉर्डसुद्धा भाषेप्रमाणे आहेत, बेस्ट मराठी, बेस्ट कन्नड, राज्याप्रमाणे नाहीत. अर्धं-अर्धं असेल तर एक मुख्य भाषा ठरवून अर्ज करावा लागतो, दुसरीला सबटायटल. टायटल रजिस्टर करायला मराठीसाठी चित्रपट महामंडळ, ते कोल्हापूरलाच आहे. अनुदानाचा विषय मात्र वेगळा, प्रत्येक राज्याचे नियम वेगळे आणि बदलत असतात, तो शूटिंगच्या आधी त्या-त्या ऑफिसातून लेखी विचारून घ्या, फिल्म झाल्यावर नाही.

आणि डायलॉग कुठल्या भाषेत ठेवायचे हे अवॉर्ड बघून ठरवू नका. आपल्याकडं माणूस बाजारात कन्नडमध्ये भाव करतो, घरी मराठीत भांडतो आणि पोराला इंग्लिशमध्ये ओरडतो, तसंच पडद्यावर दिसलं तर काय बिघडलं? भाषा बदलते त्या जागी कट कुठं द्यायचा हे मात्र अवघड आहे, ऐकणाऱ्याच्या चेहऱ्याचा शॉट हातात ठेवा.

१७. माझी शॉर्ट फिल्म पाठवली तर बघून सांगाल का?

बघते, उशीर होतो. पाच मिनिटांच्या वर नको, ट्रेलर नको, बॅकग्राउंड म्युझिकशिवायची कॉपी पाठवा (का ते ४ मध्ये आहे). एक सीन कापून दाखवायचा असेल तर सोबत त्याचं कच्चं फुटेजही पाठवा, तुम्ही काय टाकून दिलंय ते बघितल्याशिवाय मला काही सांगता येत नाही. लिंक ओपन आहे का ते पाठवायच्या आधी दुसऱ्याच्या फोनवर उघडून बघा, अर्ध्या लिंक परमिशन मागतात.